मुनसुलचं रडणं

आमच्या गल्लीतल्या बायकांना नवऱ्याच्या दुसऱ्या बाईचा मत्सर वाटायचा. माझं दुखणं त्याहून विचित्र. माझ्या घरात दुसरी बाई होती, ती माझा नवराच होता.

त्याचं नाव प्यो मुनसुल. घोड्याच्या केसांच्या काळ्या टोप्या विणणाऱ्या कारागिराचा हा धाकटा मुलगा. पुरुषांनी डोक्यावरचा बुचडा कापायला सुरुवात केली आणि टोप्यांचा धंदा बसला, तेव्हा बापानं त्याला एका नाटक मंडळीत पेटारे उचलायला धाडलं. मंडळीचे मालक हाम मास्तर. त्यांची नजर मुनसुलच्या बोटांवर गेली. केस विणून विणून ती अशी निमुळती झाली होती की मास्तर म्हणाले, "अरे, याला पेटारे काय उचलायला लावता? याला बायकांची जगोरी घाला." छातीवर लांब नाडीनं बांधायची ती आखूड बंडी अंगात चढली, आणि त्या दिवसापासून तो कधी विधवा, कधी सावत्र आईनं छळलेली मुलगी, कधी नवऱ्यानं टाकलेली बायको. हसणारी बाई त्याच्या वाट्याला कधी आली नाही.

मी कांगह्वा बेटावरची, चटया विणणाऱ्या घरातली. माझे हात लव्हाळ्यानं कापलेले, खरखरीत. लग्नाच्या दिवशी माझ्या गालांवर आणि कपाळावर लाल टिकल्या लावून मला त्याच्यासमोर उभं केलं. मान वर करायची नसते, पण मी पापण्यांच्या आडून बघत होते, हा काय बोलतो ते. त्यानं माझ्याकडे बराच वेळ निरखून बघितलं आणि हळूच म्हणाला, "डावी टिकली खाली आली आहे."

तेव्हाच ओळखायला हवं होतं.

सोलला आल्यावर माझा संसार सुरू झाला तो असा. मी ओढ्यावर कपडे आपटून लाल हातांनी घरी यायचे, तर हा चुलीजवळच्या गरम जमिनीवर बसून दोऱ्यानं भुवया कोरत असायचा. माझी तांदळाची पावडर आधी त्याला लागायची, उरली तर मला. माझी नवी जगोरी अंगात घालायला गेले की काखेत त्याच्या घामाचा वास. चॉन्गनो पेठेतल्या एका तांदळाच्या व्यापाऱ्यानं एकदा त्याला केसांत खोवायची हिरव्या दगडाची सळई पाठवली. मुनसुलनं ती माझ्यापुढे धरली.

"घे, तूच घाल."

"दुसऱ्या बाईसाठी आलेली सळई मी घालू?"

"दुसरी बाई कुठाय? मीच आहे ना?"

"म्हणून तर," मी म्हटलं.

शेजारची टोफूवाली तर माझा अंत बघायची. टोफू मोजताना मुद्दाम मोठ्यानं विचारायची, "काय गं कांगह्वावाली, तुमच्याकडे आज दोन बायकांचं जेवण की एका पुरुषाचं?" सगळी गल्ली हसायची. मीही हसायचे आणि घरी येऊन भांडी आपटायचे.

याच दिवसांत आम्हाला मुलगी झाली, सुनी. शंभराव्या दिवशी तांदळाच्या पांढऱ्या वड्या वाफवून गल्लीभर वाटल्या. मुनसुल तिला मांडीवर घेऊन नाटकातली विधवा करून दाखवायचा, आणि ती हसायची. जगात त्याच्या विधवेला हसलेली ती पहिलीच प्रेक्षक. मग तापाची साथ आली आणि सुनी गेली. आमच्याकडे इतकं लहान मूल गेलं की त्याचं मागे काही राहत नाही. ना थडगं, ना श्राद्धाच्या दिवशी वाढलेलं पान. पुरुष चटईत गुंडाळून डोंगरावर नेतात आणि आईला जागाही सांगत नाहीत. चटई मी माहेरून आणलेली होती. ती गेल्यावर मी स्वयंपाकघराचं दार लावून घेतलं. किती वेळ ते मला आठवत नाही. एवढंच आठवतं, की बाहेर आले तेव्हा मुनसुल दाराशी उभा होता आणि त्याचे डोळे कोरडे ठक्क होते.

हे मी त्याला कधी माफ केलं नाही. ज्याचं रडणं बघायला लोक पैसे मोजत, त्यानं पोटच्या पोरीसाठी एक थेंब काढला नाही.

आणि चीड अशी, की त्याच हिवाळ्यात त्याचं रडणं गाजायला लागलं. आधी तो इतर नटांसारखाच रडायचा, बाही डोळ्यांवर आणि "आयगो, आयगो" म्हणून टाहो. आता त्यानं नवीनच काढलं. जगोरीची नाडी तोंडात दाबायची. आवाज नाही. आत ओढलेले, एकात एक अडकलेले लहान लहान श्वास, मग एक आवंढा, आणि मग नाकातून अगदी बारीक सूर, कुणाला तरी लांबून हाक मारावी तसा चढत जाणारा, आणि मध्येच तुटलेला. बस. पण तो तुटला की वरच्या मजल्यावर बायकांच्या जागांमधून असा हुंदका उठायचा, की मागच्या खुर्चीवर पहाऱ्याला बसलेला जपानी सरकारचा पोलीस दचकून उभा राहायचा. इतकी माणसं एकदम रडली की त्याला वाटायचं, यात काहीतरी राजकारण आहे. लोक नाटकाचं नावसुद्धा विचारेनासे झाले. विचारायचे, "यात मुनसुलचं रडणं आहे ना?"

तो खेळ मी पहिल्यांदा बघितला, त्या रात्री घरी आल्यावर त्यानं मला विचारलं, "कसं वाटलं?"

"बुडणाऱ्या मांजरासारखं. असं कुठं बाई रडते होय?"

तो तोंडावरची पावडर पुसत राहिला.

मग ती नवी टूम निघाली. नाटक चालू असताना मध्येच पांढरा पडदा खाली यायचा. त्यावर नदी, पूल, आगगाडी, सगळं हलणारं. नायिका चित्रात धावत धावत पुलावर यायची, पडदा वर जायचा आणि तीच नायिका त्याच कपड्यांत धापा टाकत रंगमंचावर उभी. लोकांना वेड लागलं. हाम मास्तरांनीही कॅमेरावाला गाठला. मुनसुल पडद्यावर दिसणार म्हणून इतका हरखला की चित्रीकरणाच्या दिवशी पहाटेच उठून रंगायला बसला. गालांवर लाली, ओठांवर लाली, रंगमंचावर लावायचा तशीच, उलट हातभर जास्तच. हान नदीच्या काठी थंडीत दिवसभर पळाला. पडद्यावर लाल रंग काळा दिसतो, हे ना त्याला ठाऊक ना मास्तरांना. कॅमेरावाला जपानी होता. त्याला कुणी विचारलं नाही आणि त्यानं सांगितलं नाही.

पहिल्या खेळाला मी वर बायकांच्या जागेत होते. पडदा खाली आला, आणि त्यावर माझ्या नवऱ्याचं तोंड आलं, भिंतीएवढं. दोन्ही गालांवर काळे खड्डे. ओठ शाईत बुडवल्यासारखे. आणि हनुवटीवर, सकाळी घासून घासून दाढी केली होती तिथे, काळी सावली. मग खालून कुणीतरी ओरडलं, "अरे, विधवेला दाढी आली!"

त्यानंतर काय, थिएटर कोसळायचं बाकी राहिलं. पडदा वर गेला. मुनसुल पांढऱ्या कपड्यांत धापा टाकत उभा होता, आणि हसू थांबत नव्हतं. त्यानं नाडी तोंडात दाबली. तो रडला, तेच रडणं. लोक त्यालाही हसले. एकानं तर त्या बारीक सुराची नक्कल केली.

खरं तर माझा जळफळाट त्या दिवशी शांत व्हायला हवा होता. माझी सवत भर थिएटरात उघडी पडली होती. पण माझ्या अंगाचा तिळपापड झाला. पायातला रबरी बूट काढून खाली भिरकवावा असं वाटलं. माझ्या नवऱ्याला हसायचा हक्क माझा होता.

हाम मास्तर दुसऱ्याच दिवशी घरी आले. उंबऱ्यावर बसले, चिलीम पेटवली. "मुनसुल, कॅमेऱ्याला खरी बाई लागते रे. प्योंगयांगहून एक मुलगी आणली आहे, तिथल्या नाचणाऱ्या गीसेंगांच्या शाळेतली. नाचते, गाते, तोंडही चांगलं आहे. फक्त रडता येत नाही. ते तू शिकव."

मुनसुल ताडकन उठला. "बाईला काय कळतंय बाई कशी असते ते! जन्मभर मी अभ्यास केला, आणि ही नुसती जन्माला आली म्हणून नायिका?"

मला इतकं हसू आलं की मी हातातलं भांडं पुसायचं फडकं तोंडात कोंबलं.

तो कितीतरी दिवस जेवला नाही. बैलाच्या शेपटीचं सूप आणून ठेवलं तर त्यावर साय धरली, पण चमचा लावला नाही. आरशाकडे पाठ करून बसायचा. आणि मग एका सकाळी, अचानक, म्हणाला, "येऊ दे त्या मुलीला."

का, ते सांगितलं नाही. आणि माझे दिवस फिरले.

जिन वोलहा तिचं नाव. आली ती गुडघ्यापर्यंत वाकून नमस्कार करत, दातांत हसू दाबत, प्योंगयांगकडच्या त्या ठसक्यात, "वैनी, त्रास देते बरं का तुम्हाला," म्हणत. चुलीजवळच्या गरम जागेवर जाऊन बसली. माझ्या जागेवर! म्हणजे, आधी मुनसुलच्या, पण तो उठला की माझी ना ती? मग खोलीचा कागदी दरवाजा लागला आणि आतून रडणं सुरू झालं. कधी त्याचं, कधी तिचं, कधी दोघांचं.

टोफूवालीनं कुंपणावरून मान काढली. "कांगह्वावाली, कोण गेलं गं तुमच्याकडे?"

"माझी अक्कल," मी म्हटलं.

ती रोज यायची. आणि माझ्या मनात एकच किडा. पुरुषांच्या नजरेतल्या बायका मी बघितल्या होत्या, पण हे तसं नव्हतं. तो तिच्याकडे बघायचा ते एखाद्या चोराकडे बघावं तसं, आणि तरी तिला रोज बोलवायचा. हा माणूस तिला काय देतोय, जे त्यानं मला कधी दिलं नाही? बाकी सगळं मी सोसलं असतं. हे एवढं मला कळायला हवं होतं, आणि तेच कुणी सांगत नव्हतं.

नव्या नवरानवरीच्या खोलीत डोकावायला बायका बोट ओलं करून दाराच्या कागदाला भोक पाडतात. मी माझ्या स्वतःच्या घरात तेच केलं. लाज नाही वाटली. आत दोघं समोरासमोर बसले होते, मध्ये एक हात अंतर. त्याचा हात तिला लागलेला नव्हता. त्यानं फक्त तिच्या जगोरीच्या नाडीचं टोक धरलं होतं आणि म्हणत होता, "बाहेर नको. आत. कुणी ऐकू नये म्हणून रडते ती. गिळ. अजून गिळ." तिनं नाडी तोंडात घेतली. श्वास अडकले, सूर चढला, तुटला. तिला जमलं. मुनसुलनं तोंड भिंतीकडे वळवलं. आणि त्या मुलीनं, डोळ्यांतलं पाणी तसंच ठेवून, सरळ माझ्या भोकाकडे बघितलं, आणि दोन्ही हात जमिनीवर टेकून कपाळ टेकवलं.

मी मागे सरकले. चोर सापडला की पाया पडतो, असं मला वाटलं. म्हणजे चोरी झालीच होती.

त्या वर्षीच्या चुसोकला, म्हणजे आमच्या कापणीच्या सणाला, तिच्याकडून खारवलेल्या पिवळ्या माशांची माळ आली. गवताच्या दोरीत ओवलेले, एकेक मासा हाताच्या पंजाएवढा, चकचकीत. श्रीमंताघरचं वाण. सणाला गुरूच्या घरी काहीतरी पाठवायची रीतच आहे. पण मुनसुलला मासा चालत नाही. खाल्ला की अंगावर गांधी उठतात. लग्नानंतर पहिल्याच महिन्यात मला ते कळलं होतं. माळ बघून आधी माझं डोकं तडकलं, आणि मग जरा बरंही वाटलं. एवढं जवळ बसून रडतात, पण त्याला मासा चालत नाही हे काही तिला ठाऊक नाही! तेवढा तरी माझा नवरा माझ्याकडे शिल्लक होता.

"तू भाज की," मुनसुल म्हणाला. "तू खा."

"तिचे मासे? माझ्या चुलीवर?" मी माळ उचलली आणि टोफूवालीला देऊन आले.

दर चुसोकला माळ यायची. दर चुसोकला ती टोफूवालीकडे जायची. तो दरवेळी म्हणायचा, "तू खा," आणि मी दरवेळी चप्पल पायात सरकवायचे. टोफूवाली सणाच्या आठवडाभर आधी मला उगीच चांगल्या लादीतला टोफू देऊ लागली.

पुढे नाटक गळून पडलं आणि नुसता चित्रपट राहिला. वोलहाचं तोंड भिंतीभिंतीवर लागलं. पण चित्रं मुकी होती. पडद्याशेजारी निवेदक उभा राहून सगळ्यांचं बोलायचा, आणि बाईच्या आवाजासाठी त्यानं मुनसुलला घेतलं. म्हणजे पडद्यावर ती नाडी तोंडात दाबायची, आणि अंधारात कोपऱ्यात उभं राहून रडायचा हा. लोक बघायचे तिच्याकडे. रडायचे मात्र त्याच्या आवाजावर. निदान तो तसं म्हणायचा.

"आज कुणामुळे रडले लोक?" घरी येऊन रोजचा प्रश्न.

"कांद्यामुळे."

"थट्टा नको. वर बसलेल्या तुझ्या त्या टोफूवालीला विचार. डोळे मिटून रडत होती की उघडे ठेवून?"

मत्सर माणसाला किती लहान करतो, ते मी त्याच्यात बघितलं. एकदा चॉन्गनोमध्ये वोलहाची रिक्षा अडवून पोरांचा घोळका उभा होता. तिला मुनसुल दिसला. रिक्षातून उतरून भर रस्त्यात ती त्याला वाकून नमस्कार करायला लागली, आणि यानं कापडाच्या दुकानाकडे तोंड फिरवलं. जणू आयुष्यात कापडच बघितलं नव्हतं. त्या दिवशी तो घरी येऊन भिंतीकडे बघत पडून राहिला. मी शेजारी बसून शिवत होते आणि मनात म्हणत होते, माझ्यासाठी कधी इतका जळला असता, तर मी याला रोज गरम पाण्यानं अंघोळ घातली असती.

मग एकटाच निवेदक सगळे आवाज काढायला लागला. त्याला मुनसुल नको झाला. मुनसुलनं पोस्टरं रंगवली, पेटारे उचलले, म्हणजे सुरुवात केली तिथेच आला, आणि शेवटी थिएटरच्या दारात तिकिटं फाडायला उभा राहिला. तीच निमुळती बोटं. मी एकदा लांबून बघितलं. तिकीट इतकं हळुवार फाडायचा, की लोक वैतागायचे.

आणि मग चित्रं बोलायला लागली.

वोलहाचा बोलपट चुसोकलाच लागला. आदल्या दिवशी माशांची माळ आली आणि शिरस्त्याप्रमाणे टोफूवालीकडे गेली. माझी थोरली बहीण कांगह्वाहून होडी आणि आगगाडी करून आली होती. जन्मात पहिल्यांदाच सोल बघत होती. नाटक नाही, चित्रपट नाही, तिला काहीच ठाऊक नव्हतं. मुनसुल म्हणाला, "दोघी दुपारच्या खेळाला चला. मी जागा धरतो."

"त्या बयेचा बोलपट? मी नाही येणार."

"ये," तो म्हणाला. एरवी मी नाही म्हटलं की तो सोडून द्यायचा. या वेळी म्हणाला, "ऐक माझं. एकदा ये."

आम्ही वर बायकांच्या जागेत बसलो. ताई भेदरून गेली होती. दिवे गेले तेव्हा तिनं माझी बाही पकडली. बोलपट कसला, नेहमीचाच. गरिबी, शहर, तापानं फणफणलेलं मूल. वोलहाचं वय आता दिसत होतं. बोलताना तिचा प्योंगयांगचा ठसका मधूनच डोकवायचा आणि बायका खुसखुसायच्या. मी मनात म्हटलं, बरं झालं. मग पडद्यावरचं मूल गेलं. पुरुष त्याला घेऊन गेले. वोलहानं दार लावून घेतलं आणि कॅमेरा दाराबाहेरच राहिला. पडद्यावर नुसतं बंद दार. तिचं तोंडही नाही. आणि भोंग्यातून तिचा आवाज आला. अडकलेले श्वास. आवंढा. तो बारीक सूर, चढत चढत.

अंधारात ताईनं माझा हात गच्च धरला. दुसरा हात माझ्या गालावर फिरवायला लागली, लहानपणी फिरवायची तसा.

"गन्नान," ती म्हणाली. माहेरचं नाव, इथे कुणाला ठाऊक नसलेलं. "गन्नान, नको ना गं रडूस. मी आहे ना. आई गेली तेव्हाही अशीच रडलीस तोंडात बोळा कोंबून. नको गं."

मी रडत नव्हते. माझे गाल कोरडे होते. तिचा हात माझ्या कोरड्या गालावर थांबला. तिनं माझ्याकडे बघितलं, मग पडद्याकडे, मग पुन्हा माझ्याकडे. एका चटईवर झोपून वाढलो आम्ही. तिच्या कानांची चूक होणं शक्य नव्हतं.

सूर तुटला. सगळ्या थिएटरानं हुंदका दिला.

बाहेर भर दुपार होती. मुनसुल दाराशी फाटक्या तिकिटांची टोपली घेऊन उभा होता. मला येताना बघितलं आणि टोपली खाली ठेवली.

"हे कधी उचललंत माझ्याकडून?"

त्यानं आढेवेढे घेतले नाहीत. "सुनीला नेलं त्या दिवशी. तू दार लावून घेतलंस. मला आत यायचा धीर होईना. मलाही रडायचं होतं गं. पण तोंडात यायचं ते नाटकातलं. बाही आणि आयगो आयगो. माझीच मला किळस आली. म्हणून तोंड मिटून उभा राहिलो आणि तुझं ऐकलं. पुढे एकदा विधवेच्या प्रवेशात ते आपोआप आलं. तेव्हा मी रडलो सुनीसाठी. मग रोज रडलो."

"आणि मला सांगितलं नाहीत?"

"विचारलं होतं, कसं वाटलं म्हणून. तू म्हणालीस, बुडणाऱ्या मांजरासारखं."

म्हणाले होते खरी. मग आठवलं. "आणि तिला दिलंत. माझं. तिला!"

"त्या दिवशी लोक हसले ना," तो म्हणाला, "माझ्या दाढीला हसले ते चाललं असतं. पण ते त्या रडण्याला हसले. माझ्या तोंडात आता कुणी ते ऐकून घेणार नव्हतं. पोरीचं मागे दुसरं काय होतं आपल्याकडे? मग जिच्या तोंडात ऐकून घेतील, तिच्याकडे ठेवलं. तिच्यावर किती जळलो ते तुला ठाऊक आहे. तरी दिलं."

"तिला माहीत होतं? कुणाचं ते?"

"पहिल्याच दिवशी सांगितलं. शिकवायचं तर कुणाकडून आलं ते सांगावंच लागतं." मग जरा थांबून, जमिनीकडे बघत तो म्हणाला, "मासे मला कधीच नव्हते येत. मला मासा चालत नाही, हेही तिला मीच सांगितलंय."

मी तिथून निघाले ती सरळ टोफूवालीच्या अंगणात. ती चुलीपुढे बसली होती.

"माझी माळ दे."

"कसली माळ? सणाची दिलेली वस्तू कुणी परत मागतं का?"

"दे म्हणते ना!"

"अगं, जवळजवळ सगळे खाल्ले आम्ही! आणि मागच्या वर्षीचे, त्याच्या मागच्या वर्षीचे पण काढू का पोटातून?" तिनं कुरकुरत दोरी आणून दिली. दोरीच्या टोकाचे दोन मासे उरले होते. मी ते माझ्या चुलीवर भाजले. एक ताईला दिला. दुसरा मी डोक्यापासून शेपटीपर्यंत खाल्ला, काटेसुद्धा चावून. मुनसुल समोर बसून बघत होता. त्याला वास सोसत नाही, पण उठला नाही.

"खारट आहे?" त्यानं विचारलं.

"आहे," मी म्हटलं.

ताई गेल्यावर मी एकटीच पुन्हा त्या बोलपटाला गेले. दारात मुनसुलनं माझं तिकीट फाडलं, नेहमीसारखं हळुवार. वर बसले आणि त्या दाराची वाट बघत राहिले. दार आलं. श्वास अडकायला लागले. आजूबाजूच्या सगळ्या बायका रडत होत्या. सुनीसाठी रडत होत्या, आणि एकीलाही ते ठाऊक नव्हतं. मला त्यांचा इतका हेवा वाटला, की काय सांगू. फुकट रडायचं, डोळे पुसायचे, घरी जाऊन भात लावायचा. मग माझी जगोरीची नाडी कधी तोंडात गेली ते मला कळलंच नाही. इतक्या वर्षांनी, पहिल्यांदाच.

शेजारची बाई माझ्याकडे वळली. कुणी अनोळखी, खेड्यातून आलेली, मांडीवर बोचकं.

"अगं बाई," ती कौतुकानं म्हणाली, "तुम्ही अगदी जिन वोलहासारख्या रडता हो!"

"नाही," मी म्हटलं. "ती माझ्यासारखी रडते."

तिनं वेड्या बाईकडे बघावं तसं माझ्याकडे बघितलं आणि बोचकं उचलून दोन जागा सरकून बसली.